मदत हवी आहे: गानेलिनचं फिल्म म्युझिक आणि जॅझ, एका तासात कसं बसवू?

नमस्कार मंडळी,

आमच्या फिल्म क्लबमध्ये व्याचेस्लाव गानेलिन या लिथुआनियात काम केलेल्या संगीतकार-पियानोवादकावर तासाभराचा कार्यक्रम करायचाय आणि काय आधी ऐकवायचं यावरच गाडी अडलीये. जॅझवाले त्याला ओळखतात ते गानेलिन ट्रायोमुळे, पण लिथुआनियात त्याचं नाव निघालं की लोकांना आठवतो १९७४ चा 'वेल्न्यो नुओताका', म्हणजे 'सैतानाची नवरी' हा संगीतमय सिनेमा. दिग्दर्शक अरूनास झेब्र्यूनास, गाणी कवी सिगितास गेदाची, कथा काझिस बोरुताच्या कादंबरीवरून. स्वर्गातून हाकललेला सैतान गिरणीत येऊन पडतो, गिरणीवाल्याची कामं करून द्यायचं कबूल करतो आणि बदल्यात त्याची मुलगी मागतो. आपल्या संगीत नाटकात मधे गद्य तरी असतं, इथे जवळपास अख्खी गोष्ट गाण्यातूनच सांगितलीये, आणि तीही रॉकच्या ठेक्यावर, सोव्हिएत काळात!

आणि हाच माणूस त्याच वर्षांत व्लादिमिर तारासोव (ड्रम्स) आणि व्लादिमिर चेकासिन (सॅक्सोफोन) यांच्याबरोबर फ्री जॅझ, म्हणजे ठरलेल्या चौकटीबाहेरचं, बरंचसं उत्स्फूर्त जॅझ, वाजवत होता. ट्रायोत बास वाजवणारा कोणी नाही, गानेलिन पियानोशेजारी बासेट नावाचा छोटा कीबोर्ड ठेवायचा आणि बासची बाजू त्यावर स्वतःच सांभाळायचा.

क्लबात काही जण म्हणतात सिनेमाचं काम पोटापाण्याचं, खरा गानेलिन ट्रायोतला. मला हे अजिबात पटत नाही. ट्रायोची 'कॉन आनिमा' ही रेकॉर्ड नीट ऐकली तर कळतं की तेही नुसतं सुचेल तसं वाजवलेलं नाहीये, एक थीम येते, मोडते, बऱ्याच वेळाने परत येते, म्हणजे प्रसंग बांधणाऱ्या माणसाचंच डोकं आहे ते. पण हे नवख्या श्रोत्यांना कानाने पटायला हवं, माझ्या भाषणाने नको. क्रम काय ठेवू? आणि गेदाच्या ओळींचा अर्थ पडद्यावर दाखवू की आधीच सांगून टाकू? कोणी असा कार्यक्रम केला असेल तर प्लीज सांगा.

प्रतिसाद
सिनेमाने सुरुवात कर, ट्रायोने केलीस तर दहा मिनिटांत अर्धी माणसं चहाला उठतील. सैतान आणि गिरणीवाल्याच्या सौद्याचा प्रसंग दाखव, गोष्ट आधी चार वाक्यांत सांग आणि पडद्यावर ओळी नकोच, लोक वाचत बसतात आणि ऐकायचं राहून जातं. लगेच 'कॉन आनिमा'तला तुकडा लाव, बासेटकडे लक्ष द्या म्हणावं.

लिओ रेकॉर्ड्स या लंडनच्या रेकॉर्ड कंपनीची गोष्टही सांग. ट्रायोच्या टेप्स लंडनला पोचल्या आणि तिथे रेकॉर्ड निघाली, तर त्यावर छापावं लागलं की या टेप्स प्रकाशित करण्याची कसलीही जबाबदारी वादकांवर नाही. नाहीतर सोव्हिएत युनियनमध्ये हे तिघं अडचणीत आले असते. १९८७ मध्ये गानेलिन इस्रायलला गेला, तेवढं शेवटी एका वाक्यात पुरे, उरलेला वेळ संगीताला दे.

धागाकर्ता
चहाचं अगदी खरंय. क्रम असाच ठेवते. सौद्याच्या प्रसंगाची बऱ्या आवाजाची कॉपी कोणाकडे असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, माझ्याकडच्या कॉपीत ड्रम्स पार दबलेत.