१८५/६५ आर१५ ऐवजी १६ इंची अलॉय: हे चाक बसेल का?

गोलगोल:
गाडी छोटी हॅचबॅक, फ्रंट-व्हील-ड्राइव्ह. कंपनीची चाकं स्टीलची, रिमवर ६जे×१५ ईटी४५ असं उमटवलेलं आहे. टायर १८५/६५ आर१५ ८८एच (रुंदी १८५ मिमी, साइडवॉलची उंची त्याच्या ६५ टक्के, रिम १५ इंची). चार नट, पीसीडी (नटांच्या भोकांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास) १००, मधलं भोक ५४.१, स्टड एम१२×१.२५. टायरची नक्षी झिजून खुणेला टेकली आहे, म्हणजे चारही बदलायचेच आहेत. तेव्हा वाहत्या गंगेत हात धुऊन अलॉयही घ्यावीत असा विचार आहे.

एक वापरलेला संच मिळतोय: १६ इंची, ७जे, ईटी३५, ४×१००, सेंटर बोर ६०.१, वर २०५/५५ आर१६ ९१व्ही टायर. विकणारा म्हणतो, "चार भोकं जुळली की चाक बसतंच." टायर कॅल्क्युलेटरवर व्यासातला फरक दोन टक्क्यांच्या आत दिसतो. शंका अशा: चाक बाहेर डोकावेल का? ६०.१चं भोक ५४.१च्या हबवर (चाक ज्यावर बसतं तो गाडीचा मधला भाग) चालतं का? आणि जुनेच नट वापरता येतील का? स्टेपनी आहे तीच १५ इंची राहणार.

पानाबारा:
चार भोकं जुळली की चाक हबवर चढतं, एवढंच. पुढचं सगळं रुंदी आणि ऑफसेट ठरवतात, आणि तुमचा कॅल्क्युलेटर ते दोन्ही विचारतच नाही.

ऑफसेट (रिमवरचा ईटी) म्हणजे रिमची मध्यरेषा आणि हबला टेकणारा पृष्ठभाग यांमधलं अंतर. ईटीचा आकडा जितका मोठा तितकं चाक आत, जितका लहान तितकं बाहेर. आता हिशेब करू. ६जे म्हणजे ६ इंच रुंदी, १५२.४ मिमी, निम्मे ७६.२. हबच्या पृष्ठभागापासून बाहेरची कड ७६.२ − ४५ = ३१.२ मिमीवर आणि आतली ७६.२ + ४५ = १२१.२ मिमीवर. ७जे म्हणजे १७७.८, निम्मे ८८.९. ईटी३५ला बाहेरची कड ८८.९ − ३५ = ५३.९वर, आतली १२३.९वर.

म्हणजे नवं चाक आत जेमतेम पावणेतीन मिमी सरकतं, पण बाहेर तब्बल २२.७ मिमी येतं. टायरची फुगवटही साधारण तेवढीच बाहेर येते. शिवाय २०५/५५ आर१६चा व्यास ६३१.९ मिमी आणि तुमच्या टायरचा ६२१.५, म्हणजे त्रिज्या ५ मिमीने जास्त. स्टेअरिंग पूर्ण वळवलं की टायरचा पुढचा-मागचा कोपरा लायनरच्या (मडगार्डच्या आतल्या प्लॅस्टिकच्या अस्तराच्या) दिशेने जातो, तिथे हे ५ मिमीही महागात पडतात. मागे दोन माणसं बसली आणि गतिरोधक आला की मडगार्डच्या कडेला घासण्याची शक्यता दाट.

हा संच घेऊ नका.

झुंजार१६:
इतकं घाबरायची गरज नाही. २० मिमी बाहेर आलं तर गाडी जमिनीला धरून चालते, दिसतेही छान. घासलं तर मडगार्डची आतली कड दुमडून घ्यायची, लायनरचा कोपरा थोडा कापायचा.

पानाबारा:
कड दुमडताना रंग तडकतो आणि गंज तिथूनच सुरू होतो. तो भाग सोडला तरी मुख्य अडचण घासण्याची नाही. ईटी १० मिमीने कमी केला की चाकाची मध्यरेषा १० मिमी बाहेर जाते आणि स्क्रब रेडियस तेवढाच बदलतो. स्टेअरिंगचा अक्ष रस्त्याला जिथे छेदतो तो बिंदू आणि टायरच्या पट्ट्याचा मध्य यांतलं आडवं अंतर म्हणजे स्क्रब रेडियस. एक चाक ओल्या खडीवर आणि दुसरं कोरड्या डांबरावर असताना ब्रेक मारला की गाडी किती ओढली जाईल हे त्यावर अवलंबून असतं. बऱ्याच फ्रंट-व्हील-ड्राइव्ह गाड्यांत तो मुद्दाम शून्याजवळ किंवा उणे ठेवतात. तो बिघडवला की खड्ड्यात स्टेअरिंग हाताला झटके देतं. हब बेअरिंगवरचा तरफेचा भारही वाढतो.

स्पेसरचा (चाक आणि हब यांच्यामध्ये घालायच्या चकतीचा) विषय कुणीतरी काढेलच म्हणून आधीच सांगतो: ईटी४५च्या चाकामागे १० मिमीचा स्पेसर लावणं म्हणजे ईटी३५ करणंच. वर स्टडचे आटे ८-१० मिमीने कमी पकडतात, ते वेगळंच.

शून्यमिमी:
दुसऱ्या आणि तिसऱ्या शंकेबद्दल.

चाकाचं भोक हबपेक्षा मोठं असेल तर चालतं, लहान असेल तर चाक चढतच नाही. ६०.१–५४.१ मापाचे सेंटरिंग रिंग मिळतात, चार लागतील. रिंगचं काम वजन पेलण्याचं नाही. नट आवळताना चाक हबच्या बरोबर मध्यावर धरून ठेवणं, एवढंच. भार नटांच्या ताणामुळे चाक आणि हब यांच्यात निर्माण होणारं घर्षण पेलतं. रिंगशिवाय चाक एखादा मिलीमीटरभर सरकून बसलं, तर बॅलन्सिंग मशीनवर सगळं शून्य दिसतं आणि ८०-१०० किमीच्या वेगाला स्टेअरिंग थरथरतं. मग लोक पुन्हा पुन्हा बॅलन्सिंग करून घेतात, दोष टायरला देतात.

बोरचे आकडे ढोबळमानाने लक्षात ठेवा: सुझुकी, ह्युंदाई, टोयोटा यांच्या अनेक छोट्या गाड्यांत ५४.१, होंडात ५६.१, फोक्सवॅगनमध्ये ५७.१, रेनॉमध्ये ६०.१. म्हणजे तुम्हाला मिळतोय तो संच बहुधा दुसऱ्याच कंपनीच्या गाडीवरचा आहे किंवा बाजारात वेगळा मिळणारा.

पीसीडी स्वतः मोजा. चार भोकं असतील तर समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यापासून मध्यापर्यंतचं अंतर हाच पीसीडी. (पाच असतील तर शेजारच्या दोन भोकांतलं अंतर गुणिले १.७०१.) ४×९८ची चाकंही बाजारात फिरतात. फरक २ मिमीचा, त्यामुळे ती "थोडी जोर लावून" चढतात. नट तिरपे बसतात, स्टड वाकतो, मग एके दिवशी तुटतो. इथे जवळपास चालत नाही.

नटाचं तोंड बघा. ६० अंशांचं शंकूसारखं, गोलाकार आणि सपाट वॉशरचं अशी तीन प्रकारची बैठक असते. शंकूच्या खळगीत गोल तोंडाचा नट आवळला तर तो एका बारीक वर्तुळावरच टेकतो. हाताला घट्ट लागतो आणि दोन-चारशे किलोमीटरमध्ये सैल होतो. बाजारातली बहुतेक अलॉय ६० अंशांची असतात, तरी खळगीत बोट फिरवून खात्री करा.

आटेही मोजा. अलॉयची हबला टेकणारी जाडी स्टीलच्या पत्र्यापेक्षा बरीच जास्त असते, त्यामुळे स्टड कमी बाहेर येतो. स्टडच्या व्यासाइतकी पकड हवी: १२ मिमीला १.२५च्या आट्यांचे साधारण दहा फेरे. हाताने नट फिरवत मोजा. सहा फेऱ्यांत थांबला तर ते चाक तुमचं नव्हे. आणि १.५चा नट १.२५च्या स्टडवर पहिले दोन फेरे चढतो, मग अडतो. तिथे पान्याला पाइप लावू नका.

गोलगोल:
हा संच सोडला. दुसरा पर्याय नवा आहे: ६.५जे×१६, ईटी४३, ४×१००, बोर ६०.१ रिंगसकट, ६० अंशांची बैठक. टायर १९५/५५ आर१६ ८७व्ही. इथे लोड इंडेक्स ८७ आहे, माझा ८८. एका अंकाने काय बिघडतं? की १५ इंचावरच थांबून १९५/६० आर१५ घेऊ?

पानाबारा:
बाहेर ८.३५ मिमी, आत ४.३५ मिमी. हे पटण्यासारखं आहे. व्यास ६२०.९, म्हणजे मूळच्यापेक्षा अर्धा मिलीमीटर कमी. स्पीडोमीटर, एबीएस कुणाचीच तक्रार नाही. १९५/५५ला ५.५ ते ७ इंच रुंदीचा रिम चालतो, त्यामुळे ६.५जे त्यात आरामात बसतो.

१९५/६० आर१५ही बसेल, व्यास ६१५, एक टक्का लहान. तुमच्या सध्याच्या ६जे रिमवरच चढेल. पण त्यातून मिळणार काय? थोडी रुंदी वाढते, जमिनीपासूनची उंची ३ मिमीने कमी होते. १५ इंचावर राहायचं असेल तर मूळ मापच घ्या, त्यात निवडही जास्त मिळते.

हवापाणी:
लोड इंडेक्सबद्दल, कारण इथेच लोक "एकाच अंकाचा फरक" म्हणून सोडून देतात. ८८ म्हणजे एका टायरला ५६० किलो, ८७ म्हणजे ५४५. तुमच्या गाडीची दोन्ही ॲक्सलची कमाल वजनं पाटीवर असतात, दाराच्या खांबावर किंवा बॉनेटखाली. मोठ्या आकड्याचे निम्मे करा. समजा ८५० किलो असेल तर टायरला ४२५, म्हणजे ८७ भरपूर झाला. तरीही कंपनीने ८८ सांगितला असेल तर त्याखाली उतरू नये हे माझं मत. पूर्ण भार, वेग आणि कमी हवा या तिन्हींची शिल्लक त्यातच धरलेली असते, आणि अपघातानंतर विम्याच्या कागदांत तोच आकडा बघितला जातो.

त्याच मापात ९१ एक्सएल (जास्त भार पेलणारा प्रकार) मिळतो, तो घ्या. पण एक गंमत आहे. साध्या टायरचा लोड इंडेक्स २.५ बार हवेला धरलेला असतो, एक्सएलचा २.९ बारला. म्हणून तेवढ्याच हवेत ९१ एक्सएल हा ८८च्या साध्या टायरपेक्षा किंचित कमीच वजन पेलतो: २.५ बारला सुमारे ५४६ किलो. पाटीवर ३२ पीएसआय असेल तर एक्सएलमध्ये ३३-३४ भरा, हिशेब बरोबर होतो. जाड साइडवॉल आहे म्हणून हवा कमी चालेल ही समजूत उलटी आहे.

वेगाचं अक्षर: एच २१०, व्ही २४० किमी. वर जाणं चालतं, खाली नको.

साइडवॉलची उंची १२० वरून १०७ मिमीवर येते, हेही ध्यानात असू द्या. १७ इंचात २०५/४५ घेतलात तर ती ९२ राहते, आणि तिथे खड्डा टायरने गिळायच्या ऐवजी रिमला मिळतो. छोट्या गाडीला १६च्या पुढे जायचं कारण फक्त दिसणं, त्याला माझी हरकत नाही, पण मग दर खड्ड्याला ब्रेक मारायची तयारी ठेवा.

टायर घेताना साइडवॉलवरच्या 'डॉट' (DOT) या अक्षरांनंतरचे शेवटचे चार आकडे वाचा. २३१९ म्हणजे २०१९ सालचा २३वा आठवडा. गोदामात पडून राहिलेला टायर नवा म्हणून घेऊ नका.

शून्यमिमी:
टायर चढवण्याआधी नुसतं रिम लावून बघा, टायर चढवल्यावर दुकानदार परत घेत नाही. पुढच्या हबवर रिम लावा, चारही नट हाताने बसवा आणि फिरवा. ब्रेकचा कॅलिपर आणि स्पोकच्या आतल्या बाजूत किमान ३ मिमी मोकळं हवं. नजरेला भरवसा नसेल तर कॅलिपरवर खेळण्यातल्या मातीची गोळी चिकटवा, चाक एकदा फिरवा, दबलेल्या मातीची जाडी मोजा. रिमचा व्यास पुरेसा असूनही स्पोकच्या आतल्या वळणामुळे कॅलिपर अडतो. ते कुठल्याच आकड्यात लिहिलेलं नसतं.

मग एका रिमवर टायर चढवून गाडी जमिनीवर उतरवा. स्टेअरिंग दोन्ही टोकांना फिरवा, स्ट्रट (सस्पेन्शनचा खांब) आणि टायर यांच्यातली फट बघा. तुमचं ४.३५ मिमी तिथेच जातं. सध्या तिथे करंगळी सहज जात असेल तर निर्धास्त राहा. मागचं चाक बघताना डिकीत वजन टाकून बघा.

बसवताना हबच्या तोंडावरचा गंज तारेच्या ब्रशने काढा. गंजाची खपली मध्ये राहिली की चाक डुलतं आणि नंतर खपली दबून नट सैल होतात. आट्यांना तेल किंवा ग्रीस नको, त्याच टॉर्कला स्टड प्रमाणाबाहेर ताणला जातो. समोरासमोरचे नट आळीपाळीने, दोन टप्प्यांत आवळायचे. आकडा गाडीच्या पुस्तकातला घ्या, एम१२ला तो बहुधा ८५ ते ११० न्यूटन-मीटरच्या दरम्यान असतो. हवेच्या गनने शेवटचं आवळू देऊ नका. ५० ते १०० किमीनंतर टॉर्क रेंचने पुन्हा तपासा. अलॉयला बॅलन्सिंगची ठोकून बसवायची शिसं (वजनं) नकोत, आतून चिकटवायची लावून घ्या.

गोलगोल:
रिम लावून पाहिलं. मातीची गोळी ५ मिमी उरली, नट दहा फेरे घेतोय, स्ट्रटजवळ करंगळी जाते. ९१ एक्सएल मागवले. स्टेपनीचं काय करू? नट तेच चालतील?

शून्यमिमी:
तुमचे जुने नट ६० अंशांचे असतील तर दोन्ही चाकांना चालतात. नसतील तर जुन्यातले चार डिकीत टाकून ठेवा. अलॉयला किल्ली लागणारे बारीक नट घेतलेत तर किल्लीही स्टेपनीच्या खळग्यातच राहू द्या. व्यास अर्ध्या मिलीमीटरने जुळतो, त्यामुळे पंक्चरच्या दुकानापर्यंत ती पुढे लावली तरी डिफरन्शियलला काही होत नाही.

फक्त एक लक्षात ठेवा. अलॉय काढल्यावर प्लॅस्टिकचा रिंग अनेकदा हबलाच चिकटून राहतो. स्टेपनीचं भोक ५४.१ आणि रिंगचा बाहेरचा व्यास ६०.१, त्यामुळे स्टेपनी हबला टेकतच नाही आणि अंधारात नट आवळले गेल्यासारखे वाटतात. आधी रिंग हाताने ओढून काढा, मग स्टेपनी लावा.