मदत हवी आहे: शबनमचे ढाक्यातले उर्दू सिनेमे

'प्यार झुकता नहीं' (१९८५) पाहिलेल्यांना पद्मिनी कोल्हापुरे आठवत असेलच. तो मूळच्या पाकिस्तानी 'आईना'वरून (१९७७) घेतलेला, हे मला परवा कळलं! मग मूळचा पाहिला आणि त्याची नायिका शबनम हिने वेडच लावलं. समोर नायक नदीम, संगीत तिच्याच नवऱ्याचं, रॉबिन घोष यांचं. कराचीत हा सिनेमा काही वर्षं थिएटरातून उतरलाच नाही म्हणतात.

पण मला जास्त कुतूहल आहे ते आधीच्या काळाचं. ही मूळची ढाक्याची झरना बसाक, बंगाली हिंदू घरातली. १९६२च्या 'चंदा'पासून उर्दूत आली आणि पुढे लाहोरची आघाडीची नायिका झाली. १९७१मध्ये देश फुटला तरी तिथे टिकली, हे मला 'आईना'पेक्षाही मोठं वाटतं. नंतर परत ढाका, आणि १९९९चा बंगाली 'आम्माजान'.

तर 'चंदा' आणि तिचाच त्या काळातला 'तलाश' यांच्या बऱ्या प्रती कुठे मिळतील? यूट्यूबवर तुकडेच सापडतात, आवाजही फाटका. शिवाय तिच्या जुन्या उर्दू मुलाखती वाचून दोन ओळींत सांगणारं कुणी आहे का? मला ती लिपी येत नाही.