ख्रिस्त म्हणजे कृष्ण नव्हे! (आणि 'मूळ नाव' नावाचं खूळ)

निंबोणी
काल सोसायटीच्या ग्रुपवर परत तीच पोस्ट फिरत आली. येशू हा 'ईश'चा अपभ्रंश, ख्रिस्त म्हणजे कृष्ण, म्हणजे सगळे आपलेच. खाली नमस्कारांची रांग. मी लिहिलं, काका असं नाहीये, तर उत्तर आलं 'देवाचं नाव कधी बदलत नाही, बदलतात ती माणसं'. तिथे आणखी वाद घातला तर टँकरच्या बिलाचा विषय मागे पडतो, म्हणून इथे ओकते.

हिब्रूत येहोशुआ, त्याचं आटोपशीर रूप येशुआ. ग्रीकांकडे 'श' नाही आणि पुरुषाचं नाव नुसतं स्वरावर सोडवत नाही, शेवटी स हवाच, म्हणून येसूस. लॅटिनमध्ये येसुस. इंग्रजीत तर 1611 च्या किंग जेम्स बायबलातसुद्धा पहिलं अक्षर 'आय' (I) छापलंय, 'जे' (J) हे अक्षर नंतर आलं. म्हणजे ज्या 'जीझस'साठी लोक भांडतात त्यातला 'ज' चारशे वर्षांपूर्वी त्या पानावर नव्हता. गंमत म्हणजे मोशेनंतरचा यहोशवा आणि येशू, दोघांचं नाव मुळात एकच, जुन्या ग्रीक बायबलात दोघेही येसूस. आपण मराठीत दोन वेगळी माणसं केली, तेही चालून गेलं.

आणि ख्रिस्त हे नावच नव्हे हो! मशीआह म्हणजे तेलाचा अभिषेक झालेला, त्याचं ग्रीकांनी भाषांतर केलं ख्रिस्तोस. उर्दूवाले मसीह म्हणतात ते हेच. नाव आवाजावरून नेलं आणि पदवी अर्थावरून. यात कृष्ण कुठून आणता?

हडपसरी
'ओकते' हा ख्रिस्त म्हणजे कृष्ण सांगणाऱ्या पु. ना. ओकांवरचा श्लेष मुद्दाम आहे का 😄

निंबोणी
ज्यांना कळायचं त्यांना कळलं.

अपरांत
निंबोणीताई, ज्येष्ठांची टिंगल करणं सोपं असतं. बंगालात कृष्णाला आजही केष्टो म्हणतात. एकोणिसाव्या शतकातले पत्रकार कृष्टोदास पाल हे नाव तुम्ही वाचलं असेलच, नसेल तर वाचा. कृष्टो आणि ख्रिस्तो! याला तुम्ही योगायोग म्हणणार, कारण आपल्याकडून काही बाहेर गेलं असं म्हटलं की तुम्हा मंडळींना अपचन होतं.

दुसरं, नाव म्हणजे नुसती हाक नव्हे. त्वष्ट्याने इंद्राला मारणारा मुलगा हवा म्हणून यज्ञ केला, ती गोष्ट माहीत असेल. 'इन्द्रशत्रु' या शब्दात स्वर चुकीच्या जागी पडला आणि इंद्राला मारणारा हवा होता तो इंद्राकडून मरणारा निघाला. एका स्वराने! आणि तुम्ही म्हणता श चा स झाला काय, ज आला काय. माझी सून अमेरिकेत योग शिकायला जाते, तिथली बाई 'शिवा', 'रामा', 'योगा' म्हणते आणि सूनबाईसुद्धा आता घरी तेच म्हणतात. ही घसरण आहे. नाव मुळाबरहुकूमच घेतलं पाहिजे.

जर्सीसिटीकर
काका त्या योगावाल्या बाईला एक मार्क द्या. संस्कृतात राम शब्दाच्या शेवटी 'अ' आहे, पूर्ण. तिने तो ताणून आ केला, मान्य, चूक. पण आपण मराठीत काय म्हणतो? राम्. पाय मोडका. शिव्, गणेश्, योग्. म्हणजे ती शेपूट लांबवते आणि आपण छाटतो, मुळाबरहुकूम दोघंही नाहीत. आणि कृष्णाचं काय, आपण 'क्रुष्ण' म्हणतो उत्तरेकडचे 'क्रिष्ण' म्हणतात, खरा ऋ कोणाच्याच तोंडात शिल्लक नाही.

अपरांत
मराठी ही संस्कृतची लेक आहे, तिला तेवढा अधिकार आहे. अमेरिकन बाईला नाही.

जर्सीसिटीकर
लेक आहे म्हणून चूक माफ, असं आमच्या घरी पण चालतं 🙂

माळकरी
ऋ वरून ज्ञ आठवला, त्या टीव्हीवाल्यांना कोणीतरी सांगा, 'ग्यानेश्वर' ऐकलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. आमच्या माउलींचं नाव आहे ते. द्न्यानेश्वर!

जर्सीसिटीकर
माळकरीबुवा, मुळात ते ज आणि ञ चं जोडाक्षर आहे, त्यात ना द आहे ना ग. गुजराथी त्याला 'ग्न' करतात.

माळकरी
मग मी काय चुकीचं नाव घेतोय काय चाळीस वर्षं? माझी आजी 'इठ्ठल' म्हणायची, व तिच्या तोंडात बसायचाच नाही. इठोबा, इठाई. दर आषाढीला पायी जायची. तिच्या इठ्ठलाला ऐकू आलं नसेल असं म्हणायचंय का तुम्हाला?

निंबोणी
बुवा हेच तर मी म्हणतेय! तुम्ही माझ्या बाजूचे आहात.

माळकरी
मी कुणाच्या बाजूचा नाही. ग्यानेश्वर चुकीचंच आहे.

हडपसरी
म्हणजे आजीचं इठ्ठल चालतं, हिंदीवाल्याच्या आजीचं ग्यानेश्वर नाही. नोंद घेतली.

कोंडाणा_91
मूळ मुद्द्यावर येऊ का. येशू काश्मीरला येऊन राहिला होता आणि श्रीनगरला रोझाबलमध्ये त्याची कबर आहे, हे सगळं तुम्ही सोयीस्कर विसरता. तिथे नाव आहे यूज़ आसफ. यूज़ म्हणजे येशू. अहमदिया पंथाचे लोक तर उघड सांगतात.

निंबोणी
थँक्यू, हा चेंडू मला हवाच होता. यूज़ आसफ हे नाव येशूचं नाही, बुद्धाचं आहे! बसा.

बोधिसत्त्व या शब्दाचं पश्चिमेकडे जाता जाता 'बोदीसफ'सारखं काहीतरी झालं, अरबीत बूदासफ. अरबी लिपीत शब्दाच्या सुरुवातीचा ब आणि य यांच्यात फरक फक्त ठिपक्याचा, खाली एक दिला की ब, दोन दिले की य. कुठल्यातरी नकलनविसाची लेखणी घसरली आणि बूदासफचा यूदासफ झाला. त्याच यूदासफचा पुढे यूज़ासफ, तोच तुमचा काश्मीरचा. आणि दुसऱ्या वाटेने तोच यूदासफ जॉर्जियन भाषेत गेला, तिथून ग्रीकमध्ये इओआसाफ, लॅटिनमध्ये जोसाफात. राजपुत्र आहे, बाप त्याला दुःख दिसू नये म्हणून महालात ठेवतो, मग तो आजारी आणि म्हातारा माणूस बघतो आणि सगळं सोडून जातो. ओळखीचं वाटतंय? चर्चने त्याला संत मानलं, रोमन संतयादीच्या जुन्या आवृत्त्यांत 27 नोव्हेंबर हा त्याचा दिवस होता. शेकडो वर्षं युरोपात लोक न कळता बुद्धाला हात जोडत होते, ते एका ठिपक्याच्या कृपेने.

अपरांत
म्हणजे आपल्याकडून बाहेर गेलं हे तुम्हीच सिद्ध केलंत! मी वेगळं काय म्हणत होतो?

निंबोणी
काका, गेलं. जिथे गेलं तिथे गेलं म्हणेन. बोधिसत्त्व ते जोसाफात या वाटेवरचा एकेक मुक्काम लिखित सापडतो. कृष्ण ते ख्रिस्त यात सोसायटीच्या ग्रुपशिवाय एकही मुक्काम नाही. आणि तुमचा केष्टो बंगालीच्या तोंडात घडलाय, बंगालात बसून. ख्रिस्तोस त्याच्या कितीतरी आधी ग्रीकमध्ये होता, तो काही कलकत्त्याहून गेला नाही.

अपरांत
बोधिसत्त्वाचं मान्य. ठिपक्याची गोष्ट नवीन आहे, तपासून बघेन. बाकी तुमची भाषा सुधारा.

पापडीचा_बाळ
तुम्ही सगळे ग्रीक लॅटिन करताय, मी वसईचा कॅथलिक, माझं ऐका. आमच्या आजोबांचं नाव जुजे. घरात जुजे, गावात जुजे, गोठ्यातल्या बैलालापण माहीत असेल. देवळात मराठीत वाचायचे तेव्हा संत योसेफ. आणि माझे वडील शाळेत गेले तेव्हा मास्तरांनी वडिलांचं नाव विचारलं, जुजे सांगितल्यावर 'असलं नाव नसतं' म्हणून रजिस्टरला लिहिलं जोसेफ. पणजोबा पेद्रू, त्यांचं झालं पीटर. झालं. आता सातबारावर 'जुजे पेद्रू', वडिलांच्या सगळ्या कागदांवर 'जोसेफ पीटर', आणि वारस नोंद करायला गेलो तर समोरचे साहेब म्हणतात हे दोन वेगळे इसम आहेत. अडीच वर्षं झाली. मी सांगतो साहेब जुजे म्हणजेच जोसेफ, तर म्हणतात पुरावा द्या. आता मी काय येशूच्या बापाला साक्षीला आणू?

हडपसरी
तो पण आला असता पण त्याच्या आधारवर योसेफ आहे 😂

पापडीचा_बाळ
हसा. गुंठ्याचा भाव माहीत आहे का वसईत.

जर्सीसिटीकर
सेम! आमच्या सासूबाईंचं लग्नाआधीचं आणि नंतरचं नाव, वर गॅझेटमध्ये एक वेलांटी चुकली, पासपोर्टला आठ महिने.

अश्दोदकर
नमस्कार, इस्रायलहून लिहितोय, घरात अजून मराठी बोलतो आम्ही, चुका सांभाळून घ्या. आमच्या बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यू लोकांत हे सगळं होऊन गेलंय. कोकणात असताना अब्राहामचा आबाजी, शमुवेलचा सामाजी, बिन्यामीनचा बेनाजी, यहेज्केलचा हसाजी. तेल गाळायचो आणि शनिवारी काम बंद, म्हणून शनवार तेली म्हणायचे, आडनाव गावावरून, पेणकर रोहेकर किहीमकर. इकडे आल्यावर इथल्या क्लार्कने सामाजी बघून विचारलं हे ज्यू नाव आहे का. कोकणातल्या माणसाला तो कधी परका वाटला नाही आणि इथे जिथलं मूळ नाव तिथेच परका. आमची आजी मलिद्याच्या, म्हणजे नवसाच्या प्रसादाच्या वेळी एलियाहू हन्नाबीला (एलिया संदेष्ट्याला) बोलवायची, अलिबागजवळ खंडाळ्याला खडकावर त्याच्या रथाच्या चाकाची खूण आहे म्हणतात. तोच एलिया, तोच मुसलमानांचा इल्यास. आजी म्हणायची तो सगळ्यांकडे येतो, ज्याने त्याने आपल्या तोंडाने बोलवावं.

माळकरी
वा.

अपरांत
अश्दोदकर, आपली मराठी इथल्या अनेकांपेक्षा बरी आहे. पण तुमच्या पूर्वजांनी प्रार्थना मात्र हिब्रूतच ठेवली ना? नाव व्यवहारात बदललं, उपासनेत नाही. माझा मुद्दा तोच आहे.

निंबोणी
काका उपासनेतलंच घ्या. बांद्र्याची मोत माउली, माउंटचं मोत केलं म्हणतात कोळ्यांनी आणि पुढे चक्क माउली. म्हापशाच्या मिलाग्रीस सायबिणीला लईराई देवीची बहीण मानतात, दोन्ही धर्माचे लोक तेल वाहतात. तिबेटींनी तर अवलोकितेश्वराचा, म्हणजे करुणेच्या बोधिसत्त्वाच्या नावाचा, आवाज घेतलाच नाही, अर्थ लावून चेनरेझिग केलं. तोच चीनमध्ये ग्वानयिन, जपानात कान्नोन, आणि तुमच्या हातातला कॅनन कॅमेरा आहे ना, त्याचं 1934 चं पहिलं नमुन्याचं मॉडेल 'क्वानोन'. माल्टाचे कॅथलिक देवाला आल्ला म्हणतात. आणि ज्यांना नावाची मक्तेदारी हवी असते ते काय करतात तेही बघा, मलेशियात 2013 साली एका कॅथलिक साप्ताहिकाला मलय भाषेत 'अल्ला' छापायला कोर्टाने मनाई केली होती. मुळाबरहुकूमच्या हट्टातून हे निघतं.

अपरांत
मला मलेशियाच्या पंक्तीत बसवू नका. इन्द्रशत्रूचं उत्तर अजून कोणी दिलेलं नाही.

माळकरी
मी देतो. वाल्या 'मरा मरा' म्हणत होता. उलटं. तरी पोचलं. अजामिळाने तर मरताना पोराला हाक मारली, नारायणा म्हणून, देवाला नव्हेच. तोही तरला. मंत्र चुकला तर चुकला, नाम चुकत नाही, एवढा फरक कीर्तनात बसलेल्या कुणालाही विचारा.

अपरांत
...
बुवा, हे आधी लिहिलं असतंत तर ताईंचं एवढं ग्रीक वाचावं लागलं नसतं. मंत्र आणि नाम वेगळे, एवढं मी मान्य करतो. एवढंच. योगा मान्य नाही.

पापडीचा_बाळ
सगळे तरले, माझी जमीन तेवढी राहिली.

अपरांत
बाळ, मी महसुलात बत्तीस वर्षं काढली आहेत. साहेबांशी वाद घालू नका. आजोबांचा बाप्तिस्म्याचा उतारा चर्चमधून काढा, गावातल्या दोन वयस्कांचे जबाब घ्या, आणि एकच व्यक्ती असल्याचं प्रतिज्ञापत्र करा. त्यात 'जुजे ऊर्फ जोसेफ' आणि 'पेद्रू ऊर्फ पीटर' असं स्पष्ट लिहा. ऊर्फ लिहिलं की अडत नाही.

निंबोणी
थांबा थांबा. नाव मुळाबरहुकूमच घ्या म्हणणारे तुम्ही, आणि 'ऊर्फ' लिहा?

अपरांत
ते देवाचं होतं. हे सातबाराचं आहे. सातबारा जास्त कडक असतो.

हडपसरी
'ख्रिस्त ऊर्फ मसीह, राहणार नाझरेथ.' प्रतिज्ञापत्र करून टाका, धागा बंद करू.

पापडीचा_बाळ
काका, चर्चमध्ये गेलो होतो आज सकाळी. उतारा निघाला. जुन्या वहीत पोर्तुगीजमध्ये आहे. जोझे.

जर्सीसिटीकर
अरे पण पोर्तुगीज लोक तो ओ दाबून उ म्हणतात, त्यांच्या तोंडी ते जवळजवळ जुजेच. म्हणजे तुमचे आजोबा बरोबर होते, मास्तर चुकले.

पापडीचा_बाळ
हे साहेबांना तुम्ही सांगणार का?

अपरांत
तीन नावं झाली. दोनदा ऊर्फ लिहा. आणि स्टॅम्प पेपर आणण्याआधी मसुदा मला दाखवा, वेलांट्या मी बघतो.