बिफचे बूट आणि कोरीचे गाणे

विली लोमन या फिरत्या विक्रेत्याची शोकांतिका नोकरी गेल्यामुळे घडते, हे मत मला अपुरे वाटते. 'डेथ ऑफ अ सेल्समन' या नाटकात (१९४९) आर्थर मिलर यांनी खरा घाव बोस्टनच्या हॉटेलात घातला आहे. गणितात नापास झालेला विलीचा मुलगा बिफ मोठ्या आशेने वडिलांकडे जातो, आणि आईचे स्टॉकिंग्ज एका परक्या बाईला दिलेले पाहून आतून कोसळतो. घरी परतल्यावर, ज्यांवर त्याने हौसेने विद्यापीठाचे नाव लिहिले होते, ते बूट तो स्वतःच्या हाताने जाळून टाकतो. मुलाची महत्त्वाकांक्षा तिथेच विझते; बापाला मात्र ते अखेरपर्यंत मान्य होत नाही, आणि वीस हजार डॉलरच्या विम्यासाठी तो जीव देतो.

ऑगस्ट विल्सन यांच्या 'फेन्सेस' या नाटकातला बाप ट्रॉय नेमका उलट वागतो. कृष्णवर्णीय असल्यामुळे मोठ्या बेसबॉल संघांची दारे आपल्याला बंद राहिली, हा सल उराशी धरून तो आपला मुलगा कोरी याची फुटबॉलमधली संधी हाणून पाडतो. त्याच बापाच्या अंत्यविधीला न जाण्याचे ठरवलेला कोरी धाकट्या सावत्र बहिणीबरोबर बापाचेच कुत्र्यावरचे गाणे म्हणू लागतो, तेव्हा मला दर वेळी भरून येते.