काएतानोच्या 'मेऊ कोकु'बद्दल थोडं

घरी केलेला अल्बम म्हणजे नुसता आवाज आणि गिटार, असा एक समज असतो. 'मेऊ कोकु'ला (2021) ते लागू होत नाही. ब्राझीलचा गायक-गीतकार काएतानो वेलोझो याने तो कोविडच्या काळात रिओमधल्या घरच्या स्टुडिओत केला हे खरं, पण त्यात तालवाद्यं आहेत, झाक मोरेलेनबाउमचं तंतुवाद्यांचं संयोजन आहे, फादो हा पोर्तुगालचा पारंपरिक गानप्रकार गाणारी तिथली कार्मिन्यूही आहे. सहनिर्माता लुकास नुनेस हा काएतानोचा मुलगा तोम याच्या बँडमधला. जन्म 1942 चा, साठच्या दशकापासून गाणारा माणूस मुलाच्या वयाच्या पोराच्या हाती आपलं ध्वनिमुद्रण सोपवतो, हे मला फार मोठं वाटतं.

याच अल्बममधलं 'आंझुस त्रोंशुस' मात्र शांतपणे, शब्दांसकट ऐका. सिलिकॉन व्हॅलीने माणसाचं काय केलं यावरचं हे गाणं नुसतं चिडून थांबत नाही. फोन-संगणकाच्या पडद्यांमागे अडकलेलं जग दाखवता दाखवता काएतानो तरुण अमेरिकन गायिका बिली आयलिशपर्यंत येतो, भावासोबत आपल्या खोलीतच सगळं संगीत करणारी म्हणून. त्याच तंत्रज्ञानाने दिलेलं हे स्वातंत्र्य तो मोकळेपणाने मान्य करतो, आणि तेही स्वतःच्या घरातून गाताना!