मदत हवी आहे: स्वीडिश 'साम्बो' म्हणजे नक्की कोण?

वाटसरू: भाची स्टॉकहोमला असते. तिच्या कागदपत्रांत जोडीदारापुढे 'साम्बो' लिहिलंय. लग्न झालेलं नाही. शब्द आला कुठून? त्याला कायद्यात काही वजन आहे, की नुसतं 'सोबत राहतात' एवढंच?

धातुसाधित: उच्चार 'साम्बू'च्या जवळ जातो. 'साम' म्हणजे एकत्र, 'बू' म्हणजे राहणं. हे दोन्ही आपल्या सोयऱ्यातलेच: 'साम' आणि संस्कृत 'सम' यांचं मूळ एक, 'बू' आणि 'भू' धातूचंही. बाई असो वा पुरुष, शब्द तोच. याच साच्यातून पुढे 'सॅर्बू' निघाला, म्हणजे जोडपं आहे पण घरं वेगळी. आईकडेच राहणाऱ्या थोराड लेकाला चेष्टेत 'माम्बू' म्हणतात. इंग्रजीत बोलताना मात्र 'साम्बो' टाळा. तिथे ती कृष्णवर्णीयांना दिलेली जुनी शिवी आहे. दोन्ही शब्दांचा एकमेकांशी काही संबंध नाही, पण ऐकणाऱ्याला ते कुठे ठाऊक!

दफ्तरी: वजन चांगलंच आहे. सध्याचा साम्बो कायदा 2003 चा, त्याआधीचा 1987 चा. जोडपं म्हणून कायम एकत्र राहणं आणि सामाईक संसार, या अटी. नुसते रूममेट किंवा भावंडं यात येत नाहीत. दोघांपैकी एकाचं दुसऱ्या कुणाशी लग्न झालेलं असेल तरी कायदा लागू नाही.

वेगळे झाल्यावर एकानं मागणी केली तर दोघांच्या वापरासाठी घेतलेलं घर आणि घरसामान वाटलं जातं, पैसे कुणीही भरलेले असोत. मागणी वर्षाच्या आत करायची. गाडी, बँकेतली शिल्लक, उन्हाळ्यातलं सुट्टीचं घर यांना हात लागत नाही.

वाटसरू: फ्लॅट भाचीनं स्वतःसाठी घेतला होता, तो नंतर राहायला आला.

दफ्तरी: मग तो फ्लॅट वाटणीत नाही. लोक फसतात ते पुढे. तो विकून दोघांसाठी दुसरा घेतला की नवं घर वाटणीत येतं, सगळे पैसे तिचे असले तरी. नको असेल तर लेखी करार करा. दोघांच्या सह्या पुरतात, साक्षीदार लागत नाहीत. वारसाहक्क मात्र साम्बोला आपोआप मिळत नाही. त्यासाठी मृत्युपत्र हवं, आणि त्याला दोन साक्षीदार लागतात.

धातुसाधित: घरी 'जोडीदार' सांगा. कागदाचं भाषांतर करताना 'साम्बो' तसाच ठेवून पुढे 'स्वीडिश कायद्यानुसार' लिहा. 'लिव्ह-इन'मध्ये हा वाटणीचा भाग येत नाही.