टोरांटोच्या मेपल लीफ गार्डन्समध्ये किराणा दुकान काढलं, हे तुम्हाला पटतं का?

कार्लटनची_मंजू:
काल कॉलेज स्टेशनजवळच्या लोबलॉज या किराणा दुकानात भाजी आणायला गेले होते, तिथे २५ नंबरच्या रांगेत जमिनीवर एक लाल ठिपका आहे, लोक त्याच्यावरून ट्रॉल्या ढकलत जातात, खाली कोणी बघतही नाही. तो ठिपका म्हणजे मेपल लीफ गार्डन्स या जुन्या आइस हॉकी स्टेडियमच्या रिंकचा, बर्फाच्या मैदानाचा, बरोब्बर मध्य. इथेच पक (खेळायची रबरी चकती) टाकून मॅच सुरू व्हायची. इथे राहायला आले तेव्हा मला हॉकीतलं ओ की ठो कळत नव्हतं, मुलामुळे शिकले, आणि आता तिथून जाताना दर वेळी आत काहीतरी हलतं.

१९३१ साल, ऐन मंदी, आणि टोरांटोची मेपल लीफ्स टीम चालवणाऱ्या कॉन स्माइथने हे बांधायला घेतलं. जूनमध्ये काम सुरू, १२ नोव्हेंबरला पहिली मॅच, म्हणजे जेमतेम साडेपाच महिने! (शिकागोने ती २-१ने जिंकली.) पैसे कमी पडले तेव्हा बांधकामावरच्या कामगारांनी मजुरीचा काही भाग शेअर्समध्ये घेतला. गवंडी, सुतार यांच्या घामावर उभी राहिलेली जागा आणि तिथे आता चीजची भिंत. मला हे अजिबात पटत नाही, बाहेरच्या विटा ठेवल्या आणि आतलं सगळं काढून टाकलं.

बर्फवेडा:
मंजूताई, भावना समजते पण बाकीच्या शहरांत काय झालं ते बघा ना. शिकागो स्टेडियम पाडलं, बॉस्टन गार्डन पाडलं, डेट्रॉइटचं ऑलिंपिया तर त्याच्याही आधी गेलं. माँट्रियल फोरम उभं आहे पण आत थिएटरं आणि दुकानं. NHL या हॉकी लीगच्या जुन्या सहा टीमच्या या जागांपैकी टोरांटोतच आत अजून बर्फ आहे! दुकानाच्या वरच्या मजल्यावर युनिव्हर्सिटीचं रिंक आहे, २०१२ पासून. माझी मुलगी तिथे खेळलीये. बेंचवर बसून मान वर केली की १९३१ च्या घुमटाचे लोखंडी सांगाडे दिसतात, इतक्या जवळ की रिव्हेट मोजता येतील. मला त्या दिवशी भरून आलं होतं. याला तुम्ही आतलं सगळं काढून टाकलं म्हणता?

गिरणगावातला:
मी लालबागचा, आता टोरांटोजवळच्या मिसिसागात. मंजूताईंशी शंभर टक्के सहमत. आमच्याकडे गिरण्या गेल्या, मॉल आले, टॉवर आले, कुठे कुठे चिमणी तेवढी ठेवली, आणि लोक तिच्यासमोर उभे राहून फोटो काढतात. माझे आजोबा रिंग खात्यात होते, त्यांना त्या चिमणीचं काय करायचं होतं? जागेत जे चालायचं ते गेलं की जागा गेली. वर कॉलेजच्या पोरांचं रिंक आहे ते चांगलंच, पण गार्डन्समध्ये पंधरा हजारांच्या वर माणसं बसायची, आणि घरोघरी रेडिओ लावून फॉस्टर ह्यूइटची कॉमेंट्री ऐकायचे लोक, तो आवाज एका शहराचा होता.

उत्तरेकडची:
मला एक बोलायचंय, कोणाला कडू लागलं तरी चालेल. ही जागा आठवताना सगळे कप आणि जल्लोष आठवतात. १९९७ मध्ये बाहेर आलं की तिथल्या काही कर्मचाऱ्यांनी अनेक वर्षं लहान मुलांवर लैंगिक अत्याचार केले, तिकिटांचं आमिष दाखवून. कोर्टात शिक्षा झाल्या. पुढे येऊन पहिल्यांदा बोललेल्या माणसाने त्याच वर्षी जीव दिला. त्या पोरांसाठी ते देऊळ नव्हतं. इमारतीचा उपयोग बदलला, तिथे आता बायामाणसं दूध-पाव घेतात, विद्यार्थी खेळतात, मला तर ते बरं वाटतं.

कार्लटनची_मंजू:
उत्तरेकडची, तुमचं बरोबर आहे आणि मी ते लिहायला हवं होतं. पण मग उलट जास्तच वाटतं की तिथे काहीतरी नीट सांगितलेलं असावं, चांगलं आणि वाईट दोन्ही. जुन्या निळ्या खुर्च्यांचं मेपलचं पान भिंतीवर लावलंय, सुंदर आहे, पण ते बघून नवीन माणसाला काय कळणार?

आणि इतिहास फेकायची सवय मालकांना आधीपासूनच. ह्यूइट ज्या गोंडोलातून बोलायचा, बर्फाच्या ५६ फूट वर टांगलेला तो माचा, तो नंतरचा मालक हॅरॉल्ड बॅलर्डच्या काळात १९७९ मध्ये काढून भट्टीत टाकला! का, तर पैसेवाल्यांसाठी बॉक्स करायचे होते. लीफ्सचा शेवटचा स्टॅन्ली कप, म्हणजे लीगचं विजेतेपद, १९६७ चा, तोही याच बर्फावर जिंकलेला.

बर्फवेडा:
गोंडोलाचं मलाही वाईट वाटतं, त्यावर वादच नाही. पण खर्चाचं बोला. फेब्रुवारी १९९९ ला लीफ्सची शेवटची मॅच झाली, दुकान उघडलं नोव्हेंबर २०११ ला. मधली बरीच वर्षं इमारत बंदच, आणि बंद इमारत पावसाबर्फात किती टिकते हे सांगायला नको. वरच्या रिंकसाठी साधारण दोन कोटी डॉलर सरकारने दिले आणि तेवढेच विद्यार्थ्यांच्या फीमधून आले, पोरांनी मतदान करून फीवाढ मान्य केली. किराणावाल्यांनी इमारत विकत घेतली नसती तर हे झालं असतं का?

गिरणगावातला:
अहो पण ती वेळ का आली? लीफ्सच्या नवीन अरेनाला (स्टेडियमला) स्पर्धा नको म्हणून मालकांना तिथे मोठी हॉकी परत नकोच होती. धंद्यासाठी गळा दाबायचा आणि नंतर म्हणायचं बघा श्वास चालत नाही. मुंबईत ब्रेबॉर्न बघा, वानखेडे झाल्यावर मोठ्या मॅचेस तिकडे गेल्या, पण ब्रेबॉर्न आजही मैदानच आहे, तिथे क्रिकेटच होतं.

बर्फवेडा:
ब्रेबॉर्न क्लबचं आहे, खर्च उचलणारे मेंबर आहेत. कार्लटन स्ट्रीटवर, गार्डन्सपाशी, कोण होतं?

कार्लटनची_मंजू:
शहर होतं. शहराने उचलायला हवं होतं, निदान अर्धं तरी. यावर माझं मत बदलणार नाही. पण वरचं रिंक मी अजून पाहिलेलंच नाही, हे खरं. शनिवारी मुलाला घेऊन जाते, तो घुमट बघते आणि येऊन इथे लिहिते.